शमीम मॅडमना समजत नाही

मुलाखतीला गेले तेव्हा शमीम मॅडमनी मला पहिला आणि शेवटचा प्रश्न विचारला तो असा: "कानामागं पाहू दे."

मी प्रमाणपत्रांची फाईल मांडीवर धरून बसले होते. साथीचे रोग, त्यांची लक्षणं, संशोधनात रुग्णाची संमती कशी घ्यायची, सगळं पाठ करून आले होते. मला वाटलं, आपण चुकीचं ऐकलं. पण मॅडम खुर्चीतून उठल्या, टेबलाला वळसा घालून माझ्यामागे आल्या, चष्मा कपाळावर चढवला, माझी वेणी बाजूला केली आणि आधी डावा, मग उजवा कान पुढे वाकवून नीट पाहिला. मग शेजारच्या क्लार्कला म्हणाल्या, "साफ हाय. घुग्घुसची हाय ना? धूळ खाल्लेली पोरगी हाय, टिकते. घ्या."

अशी मी नोकरीला लागले. माझी निवड गुणांवर झाली, कानांवर झाली की घुग्घुसच्या कोळसाखाणींच्या धुळीवर, हे मला पुढे कितीतरी दिवस कळलं नाही. खरं सांगायचं तर त्या नोकरीत मला बऱ्याच गोष्टी कळल्या नाहीत.

आमचं हॉस्पिटल म्हणजे चंद्रपुरातलं मोठं सरकारी हॉस्पिटल. पावसाळा उतरणीला लागला की तिथला तापाचा वॉर्ड भरून वाहायला लागतो. राजुऱ्याकडून, मूलकडून येतात, पलीकडे गडचिरोलीच्या जंगलातल्या गावांतूनही येतात. खाटा संपल्या की जमिनीवर गाद्या, गाद्या संपल्या की व्हरांड्यात चटया. मलेरिया, डेंग्यू, कावीळ, आणि काही ताप असे की सगळ्या तपासण्या कोऱ्या येतात आणि माणूस मात्र जळत असतो. या कोऱ्या तापांचा एक अभ्यास वेगवेगळ्या शहरांतल्या मोठ्या हॉस्पिटलांत एकाच वेळी चालला होता. आमच्याकडे त्याच्या प्रमुख होत्या डॉक्टर शमीम, आणि मी त्यांची सहायक.

कानामागं पाहण्याचं कारण मला आठवडाभराने मोठ्या सिस्टरांनी सांगितलं. गवतात, झुडपात एक किडा असतो, डोळ्यांना दिसणार नाही इतका बारीक. तो चावला की काही दिवसांनी ताप चढतो. तो लवकर ओळखला तर साध्या गोळ्यांनी जातो. नाही ओळखला तर माणूस जातो. आणि हा किडा जिथे चावतो तिथे कधी कधी एक काळी खपली राहते, विडीचा चटका बसल्यासारखी. दुखत नाही, खाजत नाही, म्हणून रोग्यालाही माहीत नसते. ती बहुधा झाकल्या जागी असते. काखेत, कमरेला करदोड्याखाली, कानामागं. त्या खपलीच्या शोधात मॅडमचं अर्धं आयुष्य गेलं होतं.

पण रोग्यांचं ठीक आहे. मॅडम कोणाचेही कान पाहायच्या. बँकेत पेन्शनच्या कामाला आलेल्या म्हाताऱ्याचे पाहिले. हॉस्पिटलच्या तपासणीला आलेल्या एका साहेबांचे पाहिले, तेही साहेब आम्हाला स्वच्छतेवर रागावत असताना. मॅडमच्या भाच्याच्या लग्नाला मी गेले होते. स्टेजवर आशीर्वाद द्यायला मॅडम चढल्या, नवरदेवाचं डोकं प्रेमाने जवळ घेतलं, आणि फोटोग्राफर "मॅडम, इकडे" म्हणतोय तर या सेहऱ्याच्या फुलांच्या माळा बाजूला करून मागे डोकावताहेत. नवरीकडच्या बायकांत कुजबुज सुरू झाली. मुलाला काही आजार आहे का, असं एका बाईने मला येऊन विचारलं. नाही म्हणून सांगताना मला स्वतःलाच खात्री वाटेना.

कानांपेक्षाही लोकांना गोंधळात टाकायचे ते त्यांचे प्रश्न. रोगी तापाने कण्हत असतो, आणि मॅडम स्टूल ओढून विचारतात, "बकऱ्या कुठी बांधता?" मग, "सरपण कोण आणते? तुमी का सासू?" मग, "घरामागं गवत वाढलं का? त्यात बसता का?" नातेवाईक एकमेकांकडे पाहतात. एकजण तर म्हणाला, बाई, आम्ही ताप घेऊन आलो, बकऱ्या घरी ठेवून आलो.

त्यात जंगलाचा प्रश्न निघाला की सगळं बिघडायचं. जंगलात गेला होता का, असं सरकारी माणसाने विचारलं की गडचिरोलीकडचा माणूस सावध होतो. त्याला वनखात्याचा गार्ड आठवतो, जप्त झालेली कुऱ्हाड आठवते. मग जंगलाच्या मधोमध गाव असलेला माणूसही शांतपणे सांगतो की आपण जन्मात जंगल पाहिलेलं नाही. मी ते कागदावर लिहायचे. मॅडम खोडायच्या.

आणि सगळ्यात अवघड गोष्ट त्यांचं ते एक वाक्य. सकाळच्या राऊंडला सगळे डॉक्टर खाटेभोवती उभे असतात. कोणी म्हणतं व्हायरल असेल, कोणी म्हणतं मिक्स इन्फेक्शन वाटतं. मॅडमचं तपासून होतं, त्या स्टेथोस्कोप गळ्यात टाकतात आणि नातेवाइकांकडे वळून खणखणीत आवाजात सांगतात, "मले काई समजून नाई राह्यलं."

एवढ्या मोठ्या डॉक्टरणीने असं म्हटल्यावर नातेवाइकांनी काय करावं? काही रडायला लागायचे. काही मोठ्या सिस्टरांना गाठून विचारायचे की समजणारे डॉक्टर कोणत्या वेळेला येतात. हाताखालच्या डॉक्टरांनी एकदा मॅडमना अदबीने सुचवलं की आपण निदान "तपासण्या चालू आहेत" असं म्हणू या. मॅडमनी मान डोलावली आणि पुढच्या खाटेपाशी जाऊन म्हणाल्या, "तपासण्या चालू हाय. मले काई समजून नाई राह्यलं."

औषध मात्र त्या थांबवायच्या नाहीत. समजत नाही म्हणतानाच त्या किड्याच्या तापाच्या गोळ्या सुरू करून मोकळ्या व्हायच्या. समजेपर्यंत थांबलो तर समजाले पेशंट नाई राहात, असं त्यांचं म्हणणं. हे मला पटायचं. पण मग हे रोग्याच्या घरच्यांना उघड सांगायची काय गरज, ते कळायचं नाही.

या वाक्यामुळे एकदा खरंच जिवावर बेतलं.

मुलचेऱ्याकडच्या एका बंगाली गावातून कल्पना नावाची बाई आली होती. तिकडे निर्वासितांची वसवलेली गावं आहेत. घरात बंगाली बोलतात, बाजारात हिंदी-मराठी. कल्पना तिशीच्या आतबाहेरची असेल. सोबत सासू. नवरा भावासोबत दूर आंध्रात कामाला गेलेला, तो यायला निघाला होता. बाईला बरेच दिवस ताप होता. गावच्या डॉक्टरकडे सलाईन झालं, तालुक्याला इंजेक्शनं झाली, मलेरिया नाही निघाला, डेंग्यू नाही निघाला. आमच्याकडे आली तेव्हा तिला धाप लागलेली आणि ती भ्रमात होती. डोळे उघडे, पण कोणाला ओळखत नव्हती. अखंड काहीतरी पुटपुटायची. मध्येच कोणावर तरी रागवायची, हात झटकायची. आम्ही तिथे सगळे होतो आणि तिच्या दृष्टीने कोणीच नव्हतो.

मॅडमनी गोळ्या नळीतून सुरू केल्या, ऑक्सिजन लावला आणि खपली शोधायला लागल्या. पडदा ओढून आम्ही कान, मान, काखा, कंबर सगळं पाहिलं. काही नाही. सासूला विचारलं, जंगलात गेली होती का? सासू ठाम म्हणाली, ना. सरपण? ना. गवत? ना. बकऱ्या? बकऱ्याच नाहीत. तिला गावातून निघतानाच कोणीतरी बजावलं होतं की जंगलाचं विचारतील, सांगू नको.

मॅडम तिच्यापुढे उभ्या राहिल्या आणि ते वाक्य म्हणाल्या.

सासूला मराठी बेताचं यायचं, पण हे तिला पूर्ण समजलं. ती उठली, खाटेखालची पिशवी ओढली, भांडी भरायला लागली. तिचं म्हणणं सरळ होतं. गावच्या डॉक्टरला समजलं नाही, तालुक्याला समजलं नाही, आता सर्वांत मोठी डॉक्टरीण सांगते की समजलं नाही. मग सुनेला नाकातोंडात नळ्या घालून इथे कशाला ठेवायची? घरी नेते. काय व्हायचं ते घरी होईल.

मी घाबरले. औषध नुकतंच सुरू झालं होतं. अशा अवस्थेत गाडीत घातली असती तर ती मुलचेऱ्यापर्यंत पोचली नसती. मी सासूला समजावलं, हिंदीत, मराठीत, हातवारे करून. मोठ्या सिस्टरांनी दरडावून पाहिलं. सासू नळी काढा म्हणून हटून बसली. मॅडम मात्र खाली फरशीवर फतकल मारून बसल्या आणि सासूकडे पाहत राहिल्या. मला वाटलं, आता निदान खोटं तरी बोलतील.

सासू सुनेचा हात हातात घेऊन रडत होती. रडता रडता तिच्या मनगटातली बांगडी गोल फिरवत होती. तिकडच्या लग्न झालेल्या बायका शंखाची पांढरी बांगडी घालतात, सोबत एक लाल. नवरा जिवंत असेपर्यंत ती काढायची नाही. सलाईनची पट्टी चिकटवतानाही सिस्टरांनी त्या बांगडीला हात लावला नव्हता, पट्टी तिच्यावरूनच गेली होती.

"ही बांगडी कुठी भेटते?" मॅडमनी विचारलं.

मला वाटलं, मॅडमचंही डोकं फिरलं. सासूही रडायची थांबली. बहुधा तिलाही तसंच वाटलं असेल. मग तिने सांगितलं, यात्रेला एक माणूस येतो, त्याच्याकडे. मॅडम म्हणाल्या, त्यांचे वडील मन्यार होते. चंद्रपूरच्या बाजारात बांगड्यांचं दुकान होतं. सारी बाजारपेठ काचेच्या बांगड्या विकायची, पण शंखाची बांगडी मोडू न देता चढवायची असली की तिकडच्या बायका अब्बाकडेच यायच्या. तळहात कसा दाबायचा, अंगठा कसा आत घ्यायचा, हे मॅडम सांगायला लागल्या. सासू ऐकायला लागली. मध्येच तिने आपलाही हात पुढे केला आणि तिची बांगडी कशी घट्ट झाली आहे ते दाखवलं. मॅडमनी तो हात दाबून पाहिला. सून श्वासासाठी धडपडत होती आणि या दोघी बांगड्यांचं बोलत होत्या. मी मध्ये उभी, हातात संमतीचा कागद, कोणाला द्यावा ते कळत नव्हतं.

"सुनेचा हात सुजला हाय," मॅडम म्हणाल्या. "बांगडी रुतून राह्यली. काढत नाई मी, कसम. फक्त वर सरकवतो."

सासूने बांगडीकडे पाहिलं आणि होकाराची मान डोलावली.

मॅडमनी पट्टी सोडवली, कल्पनाचा तळहात आपल्या तळहातात घेतला, दाबला आणि बांगडी अगदी हळू, फिरवत फिरवत, दोन बोटं वर सरकवली. मनगटाच्या आतल्या बाजूला, बरोबर बांगडीखाली, मसुराच्या डाळीएवढी काळी खपली होती.

मॅडमनी चष्मा कपाळावर चढवून ती नीट पाहिली. मग सासूला म्हणाल्या, "समजलं."

गंमत अशी की त्याने उपचारात काहीच बदललं नाही. ज्या गोळ्या चालू होत्या त्याच पुढे चालू राहिल्या. पण सासूने पिशवीतली भांडी बाहेर काढली आणि खाटेखाली मांडली. मग तिने आपणहून सांगितलं की बकऱ्या आहेत, आणि सून त्यांच्यासाठी पाला आणायला रोज जंगलात जायची. हे वनखात्याला कळवणार नाही ना, असं तिने मला विचारलं. मी नाही म्हटलं.

ताप उतरायला लागला. पुटपुटणं थांबलं आणि कल्पना झोपली, खरी झोप. ती शुद्धीवर आली त्या दिवशी मॅडम नागपूरला आठवडाभराच्या बैठकांना गेल्या होत्या. परत आल्या तोवर नवरा येऊन तिला घेऊन गेला होता. खाटेवर दुसरंच कोणी होतं. मॅडम त्या खाटेपाशी थोड्या थांबल्या, नव्या रोग्याचे कान पाहिले आणि पुढे गेल्या.

अभ्यासाच्या नियमाप्रमाणे काही आठवड्यांनी अशा रोग्याचं पुन्हा थोडं रक्त घ्यावं लागतं. ते काम माझं. मी आणि ड्रायव्हर गजूभाऊ गाडी घेऊन गावोगाव जायचो. कल्पनाच्या गावाला निघालो त्या रविवारी मॅडम गाडीत येऊन बसल्या. कशाला, म्हणून मी विचारलं नाही. गजूभाऊंनी मला आरशातून भुवया उडवून विचारलं, मी खांदे उडवले. गोंडपिपरी गेली, आष्टी गेली. एरवी रस्त्यात दिसेल त्या बकरीवर बोलणाऱ्या मॅडम गप्प होत्या. साडी इस्त्रीची होती.

गावात पोचलो तर सासू आणि नवरा बाजाराला गेले होते. कल्पना अंगणात होती. पदर खोचून एका बकरीच्या मागे लागली होती. बकरीने वाळत घातलेलं काहीतरी खाल्लं होतं. कल्पना तिला बंगालीत जे काही बोलत होती ते सभ्य नसावं, कारण शेजारीण कुंपणापलीकडे तोंडावर पदर धरून हसत होती. मला पाहून कल्पनाने ओळखलं. हॉस्पिटलातून घरी सोडताना कागदावर सह्या मीच घेतल्या होत्या. डॉक्टरीणबाई आल्या, म्हणत तिने माझ्यासाठी खाट टाकली. मी डॉक्टर नाही, असं सांगायला तोंड उघडलं आणि बाजूला पाहिलं.

कल्पनाने मॅडमकडे नुसतं पाहिलं होतं, अनोळखी माणसाकडे पाहतात तसं. तिने मॅडमना कधी पाहिलंच नव्हतं. भ्रमात होती तेव्हा डोळे उघडे होते, एवढंच. आणि या कोण, तिने मला विचारलं.

मी सांगणार, तेवढ्यात मॅडमच म्हणाल्या, "मी हिच्यासंगं आली. असीच, फिराले."

मी सामानाची पेटी उघडली. रक्त घेतलं, नळीवर नाव लिहिलं. काम संपलं तरी मॅडम उठेनात. कल्पनाने भात टाकला, मासे तळले. चुलीपाशी बसून ती नवऱ्याची तक्रार सांगत होती, की बरी झाले तरी सारखा झोप म्हणतो, कामाला हात लावू देत नाही. मॅडम भिंतीला टेकून ऐकत होत्या. एकदा कल्पनाने विळीवरचा कांदा त्यांच्याकडे सरकवला, चिरा म्हणून. आमच्या प्रमुख मॅडमनी तो निमूटपणे चिरला. जेवताना कल्पनाने त्यांना माशाचा मोठा तुकडा वाढला आणि विचारलं, घरी कोण कोण असतं? मॅडम म्हणाल्या, भाऊ होता, तो हैदराबादला गेला पोरांकडं. आता मीच. कल्पनाने आणखी भात वाढला.

निघताना तिने माझे हात धरले, तुम्ही मला वाचवलं म्हणाली. मला कुठे पाहावं ते कळेना. मॅडम गाडीत जाऊन बसल्या होत्या.

परतीच्या रस्त्यावर मला राहवलं नाही. मी विचारलं की सांगितलं का नाही.

मॅडम म्हणाल्या, "डॉक्टर म्हटलं असतं तं ती पुन्हा पेशंट झाली असती. हात जोडून उभी राह्यली असती. कांदा दिला असता का मले?"

त्यांनी कांद्याच्या वासाची बोटं पदराला पुसली.

"आमच्याकडं माणूस उचलून आणते, बेटा. उभं राहता आलं का बस पकडते. जावाचंच असते त्यानं. पण मंग मले त्याइचे तापातलेच चेहरे माईत राह्यते. गेले ते बी तसेच, वाचले ते बी तसेच. मी डोळे मिटले तं सगळे एकाच वॉर्डात पडून राह्यते." मग त्या म्हणाल्या, "बकरीले काय बोलत होती रे गजूभाऊ? चांगलं दणकून बोलत होती."

थोडं बंगाली कळणारे गजूभाऊ म्हणाले, मॅडम, ते सांगण्यासारखं नाही.

मॅडम हसल्या. मी त्यांना तसं हसताना आधी पाहिलं नव्हतं. नंतर बहुधा त्यांना डुलकी लागली.

चंद्रपुरात त्यांच्या घरापुढे गाडी थांबली. दाराला कुलूप होतं, पायरीवर सकाळचं वर्तमानपत्र तसंच पडलेलं. मॅडमनी पर्समधून किल्ली काढली, पण उतरल्या नाहीत. पुढच्या रविवारी कोणाकडे जायचं आहे, असं त्यांनी मला विचारलं. मी सांगितलं, राजुऱ्याकडचा एक म्हातारा आहे. तो व्हेंटिलेटरवर होता तो. तुम्ही नका येऊ, दमाल, एक नळी रक्ताचं तर काम आहे.

"तोंडात नळी होती त्याच्या," मॅडम म्हणाल्या. "एक शब्द नाई बोलला."

"हो."

त्यांनी किल्ली मुठीत धरली आणि दार उघडून उतरल्या.

"मंग येतो मी," त्या म्हणाल्या. "आवाज कसा हाय त्याचा, पाहू."